न खाल्लेली बाभूळ

लहानपणी झाड मला खालूनच माहीत होतं.

दुपारचं ऊन चढलं की मेंढरं बाभळीखाली गोळा व्हायची, एकमेकांच्या पोटाखाली डोकी घालायची आणि उभ्याउभ्याच पेंगायची. त्यांच्यामधली थोडी मोकळी जागा बघून आप्पा घोंगडी टाकायचे आणि मला निजवायचे. आप्पा म्हणजे माझे वडील. मी उताणी पडून वर बघत राहायचे. बाभळीची सावली आंब्याच्या सावलीसारखी गार नि घट्ट नसते. ती चाळून पडते. घोंगडीवर, माझ्या हातांवर, मेंढरांच्या पाठीवर उजेडाचे बारीक कण सारखे हलत असायचे.

तेव्हा मी एक खेळ खेळायचे. बुंध्यापासून डोळ्यांनी चालायला लागायचं. पहिला फाटा आला की एक बाजू धरायची, पुढचा फाटा आला की परत एक बाजू, असं करत अगदी टोकाच्या पानापर्यंत जायचं. टोकाला मी क्वचितच पोचले असेन. मधेच कुठंतरी डोळा लागायचा, आणि झोपेतही फाट्याला फाटा फुटत राहायचा. जागी झाले की कानाशी मेंढराचा रवंथ आणि वर तेच झाड. आपण किती वेळ झोपलो आणि आज कोणत्या गावाच्या शिवारात आहोत, हे पटकन समजायचं नाही.

आता मी पुण्यात एका स्टुडिओत कॉम्प्युटरवर झाडं तयार करते. सिनेमात जे रान दिसतं, त्यातलं बरंचसं रान कुठंच नसतं. ते आमच्यासारखी माणसं बसून उभं करतात. आधी बुंधा, मग फांद्यांचे कोन, मग डहाळ्या, पानं, सालीच्या भेगा, आणि सगळ्यात शेवटी वारा. हे मी गावी समजावून सांगितलं तेव्हा आप्पांनी त्यातलं त्यांना पटलं तेवढं घेतलं आणि पारावर सांगून टाकलं, "पोरगी पुण्यात झाडं लावती." पुढच्या खेपेला शिरूरच्या एसटी स्टँडवर आमच्या गावचे एक आबा भेटले. म्हणाले, "बाय, येताना केशर आंब्याची दोन कलमं आन की. बापाच्या नावानं." मी हो म्हणाले. दुसरं काय म्हणणार? पुढं खरंच एका रोपवाटिकेतून दोन कलमं नेऊन दिली. त्यातलं एक जगलं.

आमचं घर कवठे येमाईच्या शिवारात. मी चौथीत असताना मेंढरांमागं आमचं गावोगाव फिरणं थांबलं. आप्पांचा कळप हळूहळू कमी होत गेला आणि मी कॉलेजात गेले त्या वर्षी शेवटची मेंढरं विकली. आता रानात कांदा असतो, थोडा झेंडू असतो, आणि दारात दोन शेळ्या. घरात पदवी मिळवणारी मी पहिली. ते माझं कर्तृत्व आहे असं मला कधी वाटलं नाही. शिरूरच्या शाळेत चित्रकलेच्या सरांनी माझी वही शेवटपर्यंत चाळली, झाडांशिवाय तीत काही नाही हे बघून ते हसले नाहीत, उलट दुसरी वही दिली. कॉलेजच्या ग्रंथालयातल्या बाईंनी झाडांची जाड पुस्तकं सुट्टीत घरी नेऊ दिली. पुण्यातल्या ॲनिमेशनच्या कोर्सचा कागद आईनं देव्हाऱ्यात ठेवला होता, तिला तो वाचता येत नव्हता तरी. एवढ्या लोकांनी पुढं ढकलल्यावर माणूस कुठंतरी पोचणारच.

स्टुडिओत पहिलं वर्षभर मी फक्त पुसण्याचं काम केलं. सिनेमात नट हवेत उडतो तेव्हा त्याच्या पाठीला तारा बांधलेल्या असतात. त्या तारा एकेका चित्रातून पुसायच्या, आणि तारेच्या मागं जे आभाळ असेल ते परत भरायचं. काम चांगलं केलं तर तुम्ही काही केलंय हे कुणालाच कळत नाही. माझा हात बसला होता. पण संध्याकाळी खोलीवर येताना वाटायचं, आज आपण दिवसभर काय केलं, तर काहीतरी नाहीसं केलं.

मग एक सिनेमा आला, त्यात माळरान हवं होतं. पृथ्वीवर माणूस यायच्या आधीचा माळ. पहाटेचं धुकं, कॅमेरा एका मोठ्या झाडाजवळून सावकाश जातो आणि पलीकडं तसलीच शेकडो झाडं. आमच्या झाडांच्या गटाच्या प्रमुख एक कोकणातल्या बाई आहेत. ऑफिसात सगळे एकमेकांना नावानं हाक मारतात, मला ते जमेना, म्हणून मी त्यांना ताई म्हणायला लागले आणि मग इतरही काही जण म्हणायला लागले. ताईंनी विचारलं, "इथं माळावरचं कोण आहे?" मी हात वर केला. "मोठं झाड तू कर," त्या म्हणाल्या. "जमलं तर झाडांच्या गटात राहशील. नाही जमलं तर तुझ्या तारा आहेतच."

मी बाभूळ केली. दुसरं कोणतं झाड करणार? संदर्भासाठी फोटो बघायची मला गरजही वाटली नाही. डोळे मिटले की घोंगडीवरून दिसणारी ती जाळी डोळ्यांसमोर यायची. त्या दिवसांत मी जागेपणी अर्धी स्वप्नात असायचे. फाटा कुठं फुटतो, फांदी कुठं वाकून परत वर येते, वारा आला की बाभळीचं पान कसं डोलत नाही, नुसतं शहारतं, हे सगळं हाताला आपोआप सुचत होतं. तीन आठवड्यांनी झाड तयार झालं.

आमच्याकडं झाड दाखवायची एक पद्धत आहे. अंधाऱ्या खोलीत मोठ्या पडद्यावर, करड्या रंगाच्या मोकळ्या जागेत ते एकटंच असतं आणि कुंभाराच्या चाकावर ठेवल्यासारखं सावकाश फिरतं. माझी बाभूळ एक फेरी फिरली. दुसरी फिरली. कुणी बोललं नाही. मला वाटलं, आवडली.

"साल उत्तम आहे," ताई म्हणाल्या. "पानं उत्तम. पण हे झाड कुणाच्या तरी मालकीचं दिसतंय."

"म्हणजे?"

"खाली बघ. पट्टी लावून कापल्यासारखं सपाट. आणि वर या फांद्या बघ, थोटक्या, प्रत्येक थोटकातून झाडूसारखे फुटवे. हे कुणीतरी वरचेवर कापलंय." त्यांनी मीच केलेल्या मागच्या लहान झाडांचं चित्र लावलं. "हे पण. हे पण. तुमच्या तालुक्यातली सगळी झाडं महिन्याला न्हाव्याकडं जातात का गं?"

खोलीतले सगळे हसले. मीही हसले, पण कान तापले होते.

"दहा दिवस आहेत," ताई म्हणाल्या. "त्यानंतर मी तयार झाड घेईन आणि तुला परत तारा पुसायला पाठवावं लागेल. वाईट वाटून घेऊ नकोस."

जागेवर येऊन मी झाडाची मापं घेतली. जमिनीपासून फांद्यांच्या सपाट रेषेपर्यंत बरोबर सहा फूट. शेळी मागच्या दोन पायांवर उभी राहिली आणि मान ताणली की जेवढी पुरते तेवढी. आणि थोटक्या फांद्या कुठंपर्यंत? तर लांब काठीच्या टोकाला विळ्यासारखं पातं बांधून माणूस पाला पाडतो, त्या आकडीचा हात पोचतो तिथंपर्यंत. त्याच्या वर झाड मोकळं होतं. मी ते मुद्दाम केलं नव्हतं. मी बाभूळ केली होती, आणि माझ्या मते बाभूळ अशीच असते. खालून शेळी आणि वरून आप्पा.

न खाल्लेलं झाड मी जन्मात बघितलंच नव्हतं.

शुक्रवारी सुट्टी काढून मी गावची एसटी धरली. खिडकीपाशी बसून नगर रस्त्यानं झाडं बघत निघाले. कितीदा बघितलेला रस्ता, पण त्या दिवशी तो कुणीतरी नव्यानं मांडल्यासारखा दिसत होता. कारखान्यांच्या भिंतीबाहेरची झाडं विजेच्या तारांखाली मधोमध चिरलेली. हॉटेलांपुढचे लिंब बोर्ड दिसावा म्हणून एका अंगानं छाटलेले. कोरेगाव भीमाच्या पुढं बांधावरच्या बाभळी, त्यांच्या खालून रेघ ओढलेली, गावामागून गाव तीच रेघ, जणू एकेकाळी सगळ्या मुलखात सहा फूट पाणी चढलं होतं आणि झाडांवर खूण ठेवून ओसरलं. मधेच डुलकी लागायची. झोपेत रस्त्याकडची झाडं शेळीसारखी मागच्या पायांवर उभी राहायची. जाग आली की परत रेघ.

घरी आप्पा शेळ्यांपुढं पाला टाकत होते. मी विचारलं, "आप्पा, कुणी न खाल्लेली बाभळ कुठं हाय का?"

"न खाल्लेली?" ते थांबले. "म्हंजी? वाळलेली?"

"न्हाई. हिरवी, मोठी. जिला कवाच शेळी, मेंढरू लागलं न्हाई. आकडी लागली न्हाई."

"अशी बाभळ कशाला ठिवल कोण?" त्यांना तो प्रश्नच बिनकामाचा वाटला. आई म्हणाली, "पोरीला कामाला पाहिजे असंल, आठवा की जरा." ते परत पाला टाकायला लागले. सकाळी मी दात घासत होते तेव्हा मागून आवाज आला, "भीमंच्या बेटावर हाय एक. तुझ्या मामाच्या गावाला."

मामाचं गाव दौंड तालुक्यात, भीमेच्या काठाला. मेंढरं घेऊन फिरायचो तेव्हा दर साली आम्ही त्या बाजूला उतरायचो. नदीच्या मधोमध एक छोटं बेट आहे आणि त्यावर ती बाभूळ. पावसाळ्यापासून माघापर्यंत भोवती पाणी असतं, आणि पाणी ओसरलं की गाळ उरतो, त्यात गेलेलं जनावर परत येत नाही. म्हणून तिथं कुणी जात नाही. आप्पा सांगत होते, "मेंढरांना पाला मिळंना तवा मी काठाला हुबा ऱ्हाऊन त्या झाडाकडं बघायचो. दर साली बघायचो. आख्खा कळप महिनाभर जेवला असता."

शनिवारी आम्ही दौंडकडं निघालो. आप्पांनी आकडी बरोबर घेतली. मी म्हणाले, "ती कशाला?" ते म्हणाले, "काठीच हाय ती. टेकायला."

मामांचं पूर्वी गुऱ्हाळ होतं. आता ते बंद आहे, पण उसाचा रस आटवायची मोठी लोखंडी काहील त्यांनी ठेवलेली आहे. पलीकडच्या काठाला जायला किंवा पाण्यात अडकलेली मोटर काढायला ते तीच वापरतात. रविवारी सकाळी नदीवर धुकं होतं. काठ दिसत नव्हता, बेट दिसत नव्हतं, फक्त पाण्याचा एक तुकडा आणि त्यावर ती काळी, परातीसारखी काहील. मामांच्या हातात बांबू. आम्ही तिघं बसलो तशी ती थोडी खाली गेली.

आप्पांनी दोन्ही हातांनी कड घट्ट धरली.

"दाजी, कड सोडा," मामा म्हणाले. "काहील काय उधळायची न्हाई."

"तुमी गप पाणी मारा. आमची मेंढरंबी पाण्याला पाय लावत न्हाईत."

"मेंढरं शहाणीच असत्यात. मालकाचं सांगा."

"आयुष्यभर गूळ आटवला न् तोंडाला गोडवा न्हाई आला तुमच्या."

"गूळ आत हाय अजून. भूक लागली तर कड चाटा, दाजी. सोडायला तरी लागंल."

मी हसत होते आणि कॅमेरा छातीशी धरून बसले होते. काहील गोल असते, त्यामुळं ती पुढं जायच्या आधी स्वतःभोवती फिरते. मामांनी बांबू मारला की आम्ही सावकाश फिरायचो. आप्पांच्या पाठीमागं काठ यायचा, मग नुसतं धुकं, मग पाणी, मग परत धुकं. अशाच एका फेरीत धुक्यातून काहीतरी मोठं नि गडद समोर आलं आणि निघून गेलं. पुढच्या फेरीत परत आलं, जास्त जवळ. आम्ही फिरत होतो, पण मला झाडच फिरताना दिसत होतं, स्टुडिओच्या त्या अंधाऱ्या खोलीतल्यासारखं. तिथं करड्या रंगाची मोकळी जागा असते. इथंही तशीच होती.

पहिल्यांदा मला ती बाभूळ वाटलीच नाही. तिला खालची रेघ नव्हती. फांद्या थेट जमिनीपर्यंत आल्या होत्या, काही जमिनीला टेकून पुढं सरकल्या होत्या आणि टोकाशी परत वर उठल्या होत्या. बसलेल्या बाईचं लुगडं चहूकडं पसरावं तसा घेर. पाण्याकडच्या बाजूला सुगरणींची जुनी घरटी लोंबत होती. आत जायला मला वाकून, मग चक्क रांगत जावं लागलं. पण आत गेल्यावर उभं राहता येईल एवढी जागा होती. एक खोलीच. तिथली हवा बाहेरच्यापेक्षा कोमट होती.

काटे लहान होते. मी बोटानं चाचपून बघितले. आमच्या शिवारातल्या बाभळीचे काटे दाभणासारखे असतात. बाहेर उभ्या आप्पांना मी हे ओरडून सांगितलं तर ते म्हणाले, "हिला भ्या कुणाचं हाय? खाल्लं की झाड काटं लांब करतं."

मग मी खाली बसले, आणि बसल्यावर आडवी झाले. वर बघितलं. बुंध्यापासून डोळ्यांनी निघाले. पहिला फाटा, दुसरा, तिसरा. इथं कुठंच थोटूक आडवं येत नव्हतं. प्रत्येक फांदी तिला जायचं तिथं गेली होती. एका टोकापर्यंत पोचायला मला इतका वेळ लागला की पोचल्यावर निघाले कुठून हे आठवेना. बाहेर मामांचं नि आप्पांचं बोलणं पाण्यावरून येत होतं आणि मी पाच वर्षांची होते की कितीची, हे थोडा वेळ मला सांगता आलं नसतं.

धुकं असेपर्यंतच फोटो घ्यायचे होते. ऊन आलं की झाडावर सावल्या पडतात आणि मग ते फोटो कॉम्प्युटरवर झाड घडवायला कामी येत नाहीत. आप्पांना आणि मामांना मी बजावून ठेवलं होतं, झाडाला हात लावायचा नाही. मी झाडाभोवती एकेक पाऊल सरकत फोटो काढत चालले. खालून, मधून, हात उंचावून वरून. तीन बाजू झाल्या. चौथ्या बाजूला वळणार तेवढ्यात काटकन आवाज आला.

मी पळत गेले. आप्पांच्या हातात आकडी, पायाशी मनगटाएवढी फांदी, पाल्यानं गच्च. वर पांढरा गोल काप.

"आप्पा! काय केलं हे?"

"एकच डहाळी."

"सांगितलं व्हतं ना मी, हात लावायचा न्हाई! झाडाला कुणी हात लावलेला न्हाई म्हणून तर आले ना मी इथवर!"

"अगं पाला तर बघ," ते म्हणाले. मी ओरडल्याचं त्यांना कळलंच नव्हतं. त्यांनी फांदी उचलून पानांतून हात फिरवला. "किती साल बघितलं हिच्याकडं काठावरनं. म्हनलं, आलोयच तर..."

मामा काहिलीपाशी होते. तिथूनच म्हणाले, "दाजी, मेंढरं इकून टाकली की तुमी. कुणाला तोडलं?"

आप्पांनी मामांकडं बघितलं नाही. "घरी दोन शेळ्या हायत का न्हाई?" एवढंच म्हणाले.

मला रडू येत होतं. कापलेली बाजू जशी होती तशी टिपण्यावाचून दुसरा मार्ग नव्हता. ती बाजू पूर्ण झाली आणि धुक्यातून पहिलं ऊन पाण्यावर उतरलं. परत येताना फांदी आमच्या तिघांच्या मधे होती. आप्पांनी दोन्ही हातांनी ती धरली होती, तिचे काटे मामांना लागू नयेत म्हणून. काहील फिरत होती, पण त्यांनी कड एकदाही धरली नाही.

संध्याकाळी घरी शेळ्यांनी ती खाल्ली. एवढ्या लांबून आलेला पाला आहे असं काही त्यांच्या खाण्यात दिसलं नाही.

पुढचे दिवस मी बेटावरच होते असं म्हटलं तरी चालेल. फोटोंवरून बुंधा आणि मोठ्या फांद्या कॉम्प्युटरवर उभ्या राहिल्या, त्यावर मी डहाळ्या आणि पानं चढवली. घेर जमिनीला टेकला. फांदीचं टोक परत वर उठलं. वारा लावला तेव्हा संबंध घेर एकदम हलला नाही, तो एका बाजूनं सुरू होऊन दुसऱ्या बाजूला जाऊन थांबला. जेवायला उठले की डोळ्यांसमोर धुकं असायचं. आणि चौथ्या बाजूला तो पांढरा काप.

तो पुसायला मला अर्धा तास लागला असता. वर्षभर मी दुसरं काय शिकले होते? त्या जागी एक फांदी भरली असती तर आप्पा तिथं गेले होते हे कुणाला कधीच कळलं नसतं. दोनदा मी तसं करायला बसले. दोन्ही वेळा मला त्यांचा पानांतून फिरणारा हात दिसला. इतकी वर्षं काठावर उभं राहून बघितलेलं झाड त्यांच्या हाताला एकदाच लागलं, तेही मेंढरं गेल्यावर. माझ्यानं ते पुसवेना. आणि न सांगता तसंच ठेवणंही बरोबर वाटेना. काम ताईंचं होतं.

दहाव्या दिवशी झाड परत त्या अंधाऱ्या खोलीत फिरलं. एक फेरी. ताई खुर्चीत पुढं सरकल्या. दुसरी फेरी.

"थांबव," त्या म्हणाल्या. "हे काय?"

"काप आहे."

"कशाचा?"

"माझ्या वडलांनी तोडली फांदी. मी नको म्हटलं होतं. त्यांनी मेंढरं राखली आहेत आयुष्यभर. ते झाड त्यांना कधी मिळालं नव्हतं."

ताई म्हणाल्या, "या शॉटमध्ये पृथ्वीवर अजून माणूस नाही."

"हो."

"मग कुऱ्हाड कुठून आली?"

"कुऱ्हाड नाही, आकडी," मी म्हणाले, आणि मागं कुणीतरी फिसकन हसलं. "मला पुसता येतो तो. तुम्ही म्हणालात तर आत्ता पुसते. पण तुम्हाला न सांगता पुसायचा नव्हता आणि न सांगता ठेवायचाही नव्हता."

ताई उठून माझ्या शेजारी आल्या. माऊस स्वतःच्या हातात घेतला आणि झाड हळूच वळवून कापाची बाजू मागं, सावलीत नेली. काप दिसेनासा झाला नाही, पण शोधावा लागत होता. त्या बराच वेळ बघत राहिल्या. त्यांच्या गावाकडं रान कसलं असतं, त्या तेव्हा कुठं होत्या, मला माहीत नाही.

"ताजा पांढरा नको," शेवटी त्या म्हणाल्या. "जुना कर. पावसानं काळा पडलेला, कडेनं साल वळलेली. वाऱ्यानं मोडली असं कुणाला वाटलं तर वाटू दे. बाकी झाड झालं. मागच्या शेकडो झाडांना हेच लाव. फक्त त्यांचे काप भर."

"म्हणजे मी..."

"म्हणजे तुझ्या तारा दुसऱ्या कुणाला तरी देते."

मी जिन्यात जाऊन आप्पांना फोन लावला. मागं शेळी ओरडत होती.

"आप्पा, पास झालं!"

"कोन?"

"झाड! बेटावरचं झाड पास झालं."

"व्हय का," ते म्हणाले. "ब्येस झालं. पानी घालत जा."

काप ठेवल्याचं मी त्यांना सांगितलं नाही. सांगायला लाज वाटली असं नाही, फोनवर ते सांगता येईना.

सिनेमा यायला वर्ष गेलं. मी आप्पांना पुण्याला आणलं, दुपारच्या खेळाला. आई आली नाही, कांदा काढायचा होता. आप्पांनी धुतलेली टोपी घातली होती आणि खुर्चीत ते काहिलीत बसल्यासारखेच बसले, दोन्ही हातांनी हात-टेकणं धरून. पडद्यावर धुकं आलं. धुक्यातून ती पुढं आली, जमिनीपर्यंत घेर असलेली, आणि कॅमेरा तिच्याभोवतीनं सावकाश जायला लागला. ते झाड पडद्यावर किती सेकंद आहे हे मला पाठ आहे, पण त्या दुपारी ते खूप वेळ होतं. पानं एका बाजूनं शहारत दुसऱ्या बाजूला गेली. सावलीतला काळा गोल क्षणभर समोर आला.

आप्पांनी खुर्चीवरचे हात सोडले आणि एक बोट पडद्याकडं केलं. "त्यो काप माझा हाय," ते म्हणाले, माळावर पलीकडच्या माणसाला सांगावं तेवढ्या आवाजात.

पुढच्या रांगेतला तरुण वळला. "आबा, हळू की जरा. पिक्चर चालू आहे."

"आवं, खरंच," आप्पा पुढं वाकून त्याला सांगायला लागले, "दौंडाकडं, बेटावर, काहिलीत बसून गेलतो," आणि पडद्यावरचं झाड मागं पडून धुक्यात गेलं तरी ते सांगतच होते, आणि मी त्यांना गप केलं नाही.